जिवाईचं बुडणं

जिवाईला बुडवायचं की तारायचं, हे शनिवारी संध्याकाळी पाचच्या आत ठरायचं होतं, आणि ठरवणारी सही त्रिशला शेंडुरेच्या उजव्या अंगठ्यात होती.

जिवाई ही कुणी खरी बाई नव्हे. ‘नऊ नद्यांची बखर’ या अकराशे पानी कादंबरीतली ती नावाडीण. मंदाकिनी हेरेकर नावाच्या शिक्षिकेनं चंदगडकडच्या एका शाळेत पोरांना भूगोल शिकवता शिकवता एकवीस वर्षं ती कादंबरी लिहिली. तिच्यातल्या राज्यात आठ नद्या वाहतात, आणि नववी रुसून जमिनीच्या पोटात जाऊन बसलेली असते. तिची समजूत काढायला निघालेल्या माणसांना, राक्षसांना, बोलणाऱ्या बगळ्यांना जिवाई आपल्या नावेतून या काठावरून त्या काठाला नेते. पहिल्या खंडावरचा चित्रपट २०३९ च्या दिवाळीत आला आणि लोकांनी जिवाईला डोक्यावर घेतलं. रिक्षांच्या पाठीवर तिचं वल्हं रंगवलेलं दिसू लागलं. बारशांत पोरींची नावं जिवाई ठेवली जाऊ लागली.

आता दुसरा भाग करायचा होता. दुसऱ्या खंडाच्या एकेचाळिसाव्या प्रकरणात जिवाई वल्हं नावेत आडवं ठेवते, पदर खोचते आणि भोवऱ्यात उतरते. वर येत नाही. तिच्या उतरण्यानं नववी नदी जागी होते.

दोन्ही चित्रपटांची पटकथा त्रिशलाची. मंदाताई आता एकोणऐंशीच्या. डोळे अधू, कोल्हापूरच्या स्टुडिओपर्यंतचा प्रवास झेपत नव्हता. म्हणून त्यांनी कादंबरीची राखण त्रिशलावर सोपवली होती. दुसऱ्या भागाचा शेवट तिच्या अंगठ्याशिवाय कायम होणार नाही, असं करारातच लिहिलं होतं. तो करार करताना मंदाताई एवढंच म्हणाल्या होत्या, “पोरी, तिला मी बुडवलंय. तू वर काढू नकोस.”

त्रिशलानं हो म्हटलं होतं. मनापासून म्हटलं होतं.

आणि तरी तिच्याजवळ आता दोन शेवट होते. स्टुडिओतले लोक एकाला बुडती प्रत म्हणत, दुसऱ्याला तरती प्रत. तरत्या प्रतीत भोवऱ्यातून एक हात वर येतो, बगळे त्याला धरतात आणि जिवाई काठाला लागते. ती प्रतही त्रिशलानंच लिहिली होती, आणि चांगली लिहिली होती. तेच तिला खुपत होतं.

हे कसं झालं ते कळायला रसछाया कळायला हवी.

तोंडानं माणूस काहीही सांगतो. चित्रपट कसा वाटला विचारलं तर ‘बरा होता’ म्हणतो आणि विषय बदलतो. अंगाला मात्र थाप मारता येत नाही. पहिल्या भागाच्या पहिल्या खेळांना काही चित्रपटगृहांतल्या प्रेक्षकांना, त्यांची संमती घेऊन, एकेक मनगटी पट्टी दिली होती. पट्टी नाडी मोजायची, कातडीचा ओलावा मोजायची, स्नायूंची बारीक थरथर टिपायची. श्वास आत घेताना नाडी किंचित धावते आणि सोडताना रेंगाळते, त्यामुळे नाडीवरून श्वासही कळायचा. कोण किती वेळ श्वास रोखून बसलं, कुणाच्या तळव्यांना घाम सुटला, कोण मध्येच उठून बाहेर गेलं, सगळं त्या पट्टीत उतरायचं.

इकडे रसछायेच्या यंत्राला चित्रपटाचा प्रत्येक क्षण ठाऊक होता. कुठं चेहरा जवळून दिसतो, कुठं ढोल थांबतो, कुठं संकट येतंय पण दिसत नाही. हे क्षण आणि ते अंग, दोन्ही धागे तीन तास एकमेकांत विणले की प्रत्येक प्रेक्षकाची एक छाया तयार होई. छाया म्हणजे त्या माणसाचा निव्वळ कल. तिला आवाज नाही, आठवण नाही, नाव नाही. पण नवी पटकथा तिच्यापुढं ठेवली, तर तो माणूस कुठं श्वास रोखील, कुठं कंटाळेल आणि कुठं उठून जाईल, हे ती बऱ्यापैकी नेमकं सांगे. पडद्यावर तिची एक हिरवी रेघ उमटे. जिथं माणूस उठला, तिथं रेघेवर लाल ठिपका पडे आणि रेघ संपे.

अशा दहा हजार चारशे छाया स्टुडिओजवळ होत्या. बुडत्या प्रतीला त्यांतल्या एकसष्ट टक्के उठून गेल्या. तरत्या प्रतीला फक्त चार टक्के.

त्रिशला या आकड्यांना बधणारी नव्हती. लोकांना जे सोसत नाही तेच ते जन्मभर लक्षात ठेवतात, असं ती बैठकीत ठणकावून सांगत असे. ती वाकली ती एका छायेपुढं.

लेखकानं सगळ्यांची बेरीज बघायची, एकट्या कुणाची छाया उघडायची नाही, असा नियम होता. छायांना नावं नसत, पण वय, गाव आणि खुर्चीचा क्रमांक असे. स्त्री, वय एकसष्ट, हुपरी, रांग घ, खुर्ची अकरा. त्या खुर्चीचं तिकीट त्रिशलानंच काढलं होतं. आईसाठी.

राजमती शेंडुरे त्या खेळानंतर अडीच महिन्यांनी गेल्या. हृदयाची झडप निकामी झाली होती. दिवाळीच्या आधीच डॉक्टरांनी आशा सोडली होती, पण लेकीच्या आयुष्यातला पहिला मोठा चित्रपट येतोय, तिच्या कानावर घालू नका, अशी शपथ आईनं नवऱ्याला घातली. बाळगोंडा शेंडुरेंनी, तिच्या आप्पांनी, ती पाळली. त्रिशलाला कळलं तेव्हा हातात काही उरलं नव्हतं. आप्पा रडले नाहीत. मातीच्या तिसऱ्या दिवशी त्यांनी दुकानाची फळी काढली आणि पैंजणांच्या कड्या जोडत बसले. शपथ पाळली याचा राग तिनं एकवेळ गिळला असता. ती फळी काढली, तो राग गिळता आला नाही. आठ महिने ती हुपरीला फिरकली नव्हती.

पण आई रोज भेटत होती. दुपारी जेवणाच्या सुट्टीत सगळे खाली गेले की त्रिशला तिची छाया उघडायची आणि काहीतरी वाचायला देई. पटकथेतला प्रसंग, एखादी जुनी कविता, कधी स्वतःचंच पत्र. मग हिरवी रेघ वर-खाली होई आणि ती त्या रेघेकडे, आजारी माणसाच्या उशाशी बसावं तशी, बघत राही. त्या रेघेत श्वासाची एक लकब होती. संकट आलं की झटकन श्वास आत, आणि मग सतरा-अठरा सेकंद एकसारखा, धाग्यासारखा बारीक होऊन बाहेर. आई मनातल्या मनात णमोकार मंत्र म्हणते आहे, असं त्रिशलाला वाटे. नाडी संथ होती; ती गोळ्यांमुळं असणार.

एके दुपारी तिनं एकेचाळिसावं प्रकरण दिलं. जिवाईनं पदर खोचला तेव्हा श्वास आत गेला तो बाहेर आलाच नाही. रेघ थरथरत चढली आणि लाल ठिपका पडला.

आई उठून गेली होती.

त्या आठवड्यात तरती प्रत जन्माला आली. ती वाचताना आईची रेघ संथ झाली, पाणी निवळावं तशी. त्रिशलानं मंदाताईंना दिलेला शब्द आणि ती निवळलेली रेघ दोन्ही समोरासमोर ठेवून पाहिली, आणि शब्द हलका भरला.

गुरुवारी तिनं मंदाताईंना फोन केला. आधी प्रकृतीचं, मग हवेचं बोलणं झालं. मग तिनं चाचरत सांगितलं की प्रेक्षकांना जिवाईचं जाणं सोसवत नाहीये, आपण थोडा वेगळा विचार केला तर. मंदाताई म्हणाल्या की तिला भोवऱ्यात उतरवायला मला दोन वर्षं लागली; रोज सकाळी वहीत तिला काठापर्यंत आणायची आणि हात लटपटला की घरी परत पाठवायची. शेवटी एक दिवस तीच म्हणाली, बाई, आता सोडा.

“तुला कोण सांगतंय हे?” त्यांनी विचारलं. “दहा हजार, की एक?”

“दहा हजार,” त्रिशला म्हणाली.

मंदाताईंनी हळूच ‘बरं’ म्हटलं आणि फोन ठेवला. इतक्या वर्षांत त्रिशला त्यांच्याशी पहिल्यांदा खोटं बोलली होती.

शुक्रवारी रणधीर इंगवलेनं तिला बोलावून घेतलं. रणधीर दिग्दर्शक, आणि स्टुडिओही त्याच्या घराण्याचा. मधली तीस वर्षं तिथं खतांचं गोदाम होतं. अजून पावसाळी हवेत भिंतींना युरियाचा वास सुटे. त्यानं चहा सांगितला आणि मग टेबलावरचा पडदा तिच्याकडे वळवला. रांग घ, खुर्ची अकरा.

“तीनशे बारा वेळा,” तो म्हणाला. “लग्नाला सोळा वर्षं झाली, मी बायकोकडं एवढ्या वेळा बघितलं नसंल.”

त्रिशलाचा चेहरा उतरला. रणधीरनं आवाज खाली आणला. तो म्हणाला की मी हे कुणाला सांगणार नाही, माझी आई गेली तेव्हा असं काही मिळालं असतं तर मी तिथंच अंथरूण टाकलं असतं. पण उद्या पाचला प्रत पुढं जाते. तरत्या प्रतीवर अंगठा दे आणि मोकळी हो. बुडती गेली आणि लोक खरंच उठून गेले, तर हा स्टुडिओ पुन्हा गोदाम होणार, आणि खाली जेवायला बसलेली नव्वद माणसं घरी जाणार. त्याच्या बोलण्यात धमकी नव्हती. तो खरोखरच घाबरलेला होता.

ती उठली तेव्हा तो पडद्याकडे बघत सहज म्हणाला, “पण एक सांगू? ही तुझी आई वाटत नाही गं. काकू आपल्या सेटवर आल्या होत्या तेव्हा आम्ही नुसता दिवा लावला तरी रडत होत्या. हिच्या तळव्याला घामसुद्धा नाही.”

ते वाक्य कुसळासारखं रुतून बसलं. गोळ्यांमुळं, असं ती स्वतःला रात्रभर बजावत राहिली. त्या गोळ्या नेमक्या कुठल्या होत्या, त्यांनी नाडी मंदावते का, घाम थांबतो का, हे तिला माहीत नव्हतं. आईच्या दवाखान्याची फाईल हुपरीला होती. एकदा डोळ्यांनी पाहायचं आणि मग निर्धास्तपणे अंगठा द्यायचा, असं ठरवून शनिवारी दुपारी तिनं गाडी काढली.

हुपरी चांदीचं गाव. एके काळी घराघरांतून ठोकणीचा आवाज यायचा. आता बहुतेक पैंजण यंत्रं ओततात आणि गल्ल्या गप्प असतात. आप्पांचं दुकान मात्र उघडं होतं. ते जमिनीवर पाटावर बसले होते, पुढ्यात विस्तवाची शेगडी, चिमट्यात एक तुटका पैंजण. बाकी सगळ्यांकडं गॅसची बंदूक आली तरी बारीक डाख द्यायला, सांधा चांदीनं जोडायला, त्यांना अजून तोंडाची फुंकणीच लागायची. ज्योत सुईसारखी करायची, आणि डाख वितळून सांध्यात पळेपर्यंत श्वास तुटू द्यायचा नाही.

त्यांनी तिला पाहिलं, मान हलवली. काम अर्धं होतं म्हणून बोलले नाहीत. झटकन श्वास आत घेतला आणि फुंकणी ओठाला लावली.

त्रिशला उंबऱ्यात उभी होती. ज्योत वाकली. गाल किंचित फुगले. एकसारखा, धाग्यासारखा बारीक श्वास नळीतून जात राहिला. तिच्या नकळत ती मोजू लागली. अकरा, बारा, तेरा. सतराव्या सेकंदाला डाख चमकून पळाला. अठराव्याला आप्पांनी फुंकणी खाली ठेवली.

तिनं चौकट धरली. तीनशे बारा वेळा पाहिलेली रेघ तिच्यासमोर पाटावर बसली होती.

“जेवलीस काय?” आप्पांनी विचारलं.

“आप्पा,” ती म्हणाली, “पिक्चरच्या दिवशी आईला मनगटाला पट्टी दिली होती. ती कुणी घातली?”

आप्पांनी पैंजण पाण्यात सोडला. चुर्र आवाज झाला.

“मी,” ते म्हणाले.

मग त्यांनी सांगितलं ते असं. लेकीचा पिक्चर म्हणून राजमतीनं आदल्या दिवशी कासाराकडून दोन्ही हात भरून चुडा भरून घेतला होता, मनगटाच्या हाडापर्यंत घट्ट. आत गेल्यावर थिएटरातली एक पोरगी पट्टी बांधायला आली आणि म्हणाली की मावशी, पट्टी उघड्या कातडीला टेकली पाहिजे, चार बांगड्या काढा. त्या काढायच्या तर फोडाव्याच लागल्या असत्या. पोरगी दुसरीकडं वळल्यावर राजमती आप्पांच्या कानात म्हणाली, “नवरा शेजारी बसलाय आणि मी बांगड्या फोडू व्हय? आणा हात इकडं.” आप्पांनी नको नको म्हणेपर्यंत पट्टी त्यांच्या मनगटावर बसली होती. कागद तिच्या नावाचा, खुर्ची तिची, हात यांचा.

“मला सांगितलं का नाही?”

“इचारलं कुणी?” आप्पा म्हणाले. त्यात टोमणा नव्हता.

त्रिशला खाली बसली, शेगडीच्या अलीकडं. आठ महिने तिनं ज्याला आई म्हणून कविता वाचून दाखवल्या होत्या, तो हा माणूस. संथ नाडी यांची. कोरडे तळवे यांचे. चाळीस वर्षं विस्तवापुढं बसून त्यांना घामही फुटेनासा झालेला. तिनं विचारलं की जिवाईची नाव हेलकावायची तेव्हा तुमचा श्वास का अडकायचा, तुम्हाला तर सिनेमाचं काही नाही.

आप्पांनी चिमट्यानं निखारे सारखे केले.

“मी कुठं पिक्चर बघितला,” ते म्हणाले. “पंधरा दिस झालते डाक्टरनं सांगून. मी हिच्याच तोंडाकडं बघत हुतो. पडद्यावरचा उजेड पडायचा तिच्यावर, तेवढाच. ती घाबरली की मी घाबरायचो.”

यंत्रानं तीन तास पडदा आणि मनगट विणलं होतं. मध्ये बसलेली बाई त्याला दिसलीच नव्हती. आई त्या रेघेत होती, पण आप्पांच्या डोळ्यांत पडलेली. आणि ज्यानं तिसऱ्या दिवशी फळी काढली म्हणून लेक आठ महिने बोलली नाही, त्याच्या अंगात ती अठरा अठरा सेकंद साचून राहिली होती.

घड्याळात साडेचार झाले होते. शेवट अजून ठरला नव्हता. उलट गाठ आणखी आवळली होती. छायेतली बाई गेलेली होती. तिला आता काय दुखणार? हा माणूस जिवंत होता. लाल ठिपका त्याचा होता. सहा महिन्यांनी गावातल्या पडद्यावर हा चित्रपट लागेल, गल्ली त्याला ओढून नेईल, आणि तो त्या अंधारात, शेजारी रिकामी खुर्ची घेऊन, जिवाईला उतरताना पाहील.

तिनं त्यांना सगळं सांगितलं. दोन शेवट, दहा हजार छाया, मंदाताईंना दिलेला शब्द, गुरुवारचं खोटं. यंत्र म्हणतं की तुम्ही उठून जाल, हेही सांगितलं.

“यंत्राला काय कळतंय,” आप्पा म्हणाले. “वाच की.”

त्रिशलानं फोनवर बुडती प्रत उघडली आणि वाचू लागली. आठ नद्या काठाशी आल्या. राक्षस गप्प झाले. बगळ्यांनी पंख मिटले. जिवाईनं वल्हं नावेत आडवं ठेवलं, जशी थकलेली बाई मूल पाळण्यात ठेवते. पदर खोचला. पाण्यात पाऊल टाकलं, आणि गायली.

*नदीबाई नदीबाई, तुझ्या पोटी किती गाव*
*माझ्या एवढ्या जिवाला, दे गं एवढासा ठाव*

आप्पांचा श्वास झटकन आत गेला. त्रिशलाच्या कानाला ते कळलं. ती वाचत राहिली. पाणी गुडघ्याला लागलं, कमरेला लागलं.

*ठाव देते म्हणे नदी, मागं वळून ना बघावं*
*काठावरल्या माणसानं, माझं नाव ना पुसावं*

आप्पा उठले. पाट कलंडला. ते मागच्या दारानं परसात गेले, आणि दार लोटलं गेलं.

वाचन तिथंच थांबलं. शेगडीतला एक निखारा फुटला. यंत्र बरोबर होतं. नेमक्या त्याच ओळीला, नेमक्या त्याच श्वासाला.

फोन वाजला. रणधीर. पाचला बारा कमी आहेत, तो म्हणाला. इकडं सगळे ताटकळलेत, काय ते कर.

“करते,” त्रिशला म्हणाली. नेमकं काय करते, हे तिचं तिलाच ठाऊक नव्हतं. तिनं तरती प्रत उघडली. खाली अंगठ्यासाठी एक गोल उजळला. परसातून काहीही ऐकू येत नव्हतं. पाण्याचा आवाज नाही, खोकला नाही. आठ महिन्यांनी आले आणि हे केलं, तिच्या मनात आलं. म्हाताऱ्याला त्याच्याच घरातून उठवलं. जिवाईला वाचवणं तिच्या हातात होतं. एक बोट टेकवायचं. जगात कुणाला तरी वाचवता येत होतं, आणि ती नाही म्हणत होती, ते कशासाठी? कागदावरच्या शब्दासाठी?

पाचला नऊ कमी. पाचला आठ. तिनं अंगठा गोलावर आणला. टेकण्याआधीच काचेची ऊब जाणवली.

मागचं दार वाजलं.

आप्पा आत आले. तोंड धुतलेलं होतं, मिशांतून पाणी ठिबकत होतं, आणि डोळे मातीच्या दिवशीही झाले नव्हते इतके लाल होते. त्यांनी कलंडलेला पाट सरळ केला. त्यावर बसले, गुडघ्यांवर हात ठेवून, कीर्तनाला बसतात तसे.

“हां,” ते म्हणाले. “पुढं?”

त्रिशलानं अंगठा उचलला.

पुढं काही नव्हतं. कादंबरीत त्यापुढं एक अख्खं बेचाळिसावं प्रकरण होतं. जिवाई गेल्यावर काठावर उरलेल्या माणसांचं. पण बुडत्या प्रतीतून त्रिशलानंच ते महिन्यापूर्वी कापलं होतं, कारण तिथवर येईपर्यंत एकसष्ट टक्के रेघा संपलेल्या असत. उठून गेलेल्यांसाठी कोण लिहितं? यंत्रानं लाल ठिपका दिला आणि तिनं तो पूर्णविराम मानला. ठिपक्यानंतर माणूस परसात जातो, दगडावर बसतो, तोंडावर पाणी मारतो आणि गोष्टीचं पुढं काय झालं म्हणून परत येतो, हे मोजायची सोय कुणी केलीच नव्हती.

फोन अजून चालू होता. रणधीर विचारत होता की झालं का.

“जिवाई बुडते,” ती म्हणाली. “त्यानंतरची अठ्ठावीस पानं मी कापली होती, ती सोमवारी परत जोडून देते. अंगठा त्याला. आणि रणधीर, एकदा खरी माणसं बसवून दाखवू. कोण उठलं ते मोजू नका. दारं उघडी ठेवा आणि कोण परत आलं ते मोजा.”

तो काहीतरी म्हणू लागला, नव्वद माणसांचं, गोदामाचं. ती सगळं ऐकून घेईपर्यंत थांबली, कारण त्याची भीतीही खरी होती. मग म्हणाली की मी सोमवारी येते, भांडायचं ते समोर भांडू. चंदगडला मंदाताईंना फोन आजच करायचा होता, आणि त्यात गुरुवारचं खोटं आधी सांगायचं होतं.

आप्पा वाट बघत होते. दुकानात ऊन तिरपं झालं होतं. जैन रीतीप्रमाणे दिवस मावळायच्या आत त्यांना जेवायचं असतं, पण ते उठले नाहीत.

“ती गेल्यावर काठावरली माणसं काय करत्यात?” त्यांनी विचारलं. “तेवढं सांग.”

फोनवर ती पानं नव्हती. त्रिशलानं तो उपडा ठेवला, शेगडीपासून जरा सरकून आप्पांच्या शेजारी भिंतीला टेकून बसली, आणि आठवेल तसं सांगू लागली: पहिल्या दिवशी कुणी कुणाशी बोललं नाही. दुसऱ्या दिवशी पाणी आलं. आणि तिसऱ्या दिवशी एक म्हातारा उठला आणि जिवाईची नाव दुरुस्त करायला बसला.